काचेवरची शिट्टी

एका बंद भांड्यात 120 अंश सेल्सियसचं पाणी आहे. भांड्याच्या झाकणाला आतून तीनशे किलोंचा रेटा बसतोय. हे भांडं ठेवलंय कशावर? चार मिलिमीटर जाडीच्या काचेवर! आणि त्या काचेच्या खाली, अगदी जवळ, तापून लालभडक झालेली तार आहे.

वाचतानाच छातीत धस्स होतं ना? पण न्यू जर्सीतल्या, म्युनिकमधल्या, मेलबर्नमधल्या मराठी घरांत हा प्रकार नेहमीचाच आहे. तिथे त्याला ‘कुकर लावणं’ म्हणतात. परदेशात संसार मांडलेल्या लेकीला आई फोनवर हमखास विचारते, ‘‘अगं, काचेच्या शेगडीवर कुकर लावतेस? काच तडकली म्हणजे?’’

आईची शंका रास्तच आहे. दाब म्हटलं की स्फोट आठवतो, काच म्हटलं की ठिकऱ्या. मग हे दोघं एकमेकांना खेटून गुण्यागोविंदाने नांदतात कसे? त्याचं उत्तर इतकं सुंदर आहे, की ते एकदा उमगलं की कुकर सांभाळून वापरायचे नियम घोकावे लागत नाहीत. ते आपसूक सुचतात.

आधी कुकरच्या आत शिरू. उघड्या पातेल्यातलं पाणी भारी हट्टी असतं. खालची आच कितीही वाढवा, 100 अंशांच्या पुढे ते जातच नाही. जास्तीची सगळी उष्णता वाफ घेऊन पसार होते. पुण्यात तर ते 98 अंशांच्या आसपासच उकळतं आणि महाबळेश्वरला 95-96 ला, कारण जितकं उंच जावं तितका डोक्यावरच्या हवेचा दाब कमी. म्हणजे पाणी केव्हा उकळणार हे ठरवतो तो दाब. मग दाबच वाढवला तर?

कुकर नेमकं तेवढंच करतो. वाफेला बाहेरची वाट बंद करतो. कोंडलेली वाफ पाण्याला वरून दाबते आणि उकळणं पुढे पुढे ढकललं जातं. बाहेरच्या हवेपेक्षा दर चौरस सेंटिमीटरला सुमारे एक किलो जास्त दाब साठला, की पाणी 120 अंशांवर पोचतं. वीस अंशांनी असा काय फरक पडतो? शिजणं ही रासायनिक क्रिया आहे आणि अशा क्रियांचा वेग ढोबळमानाने दर 10 अंशांना दुप्पट होतो. वीस अंश म्हणजे दुपटीची दुप्पट, चौपट! पातेल्यात तासभर रटरटणारी तूरडाळ कुकरात पंधरा-वीस मिनिटांत मऊ होते, ती या वीस अंशांच्या जोरावर.

ही युक्ती साडेतीनशे वर्षांची आहे. डेनिस पापिन या फ्रेंच संशोधकाने 1679 साली लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे एक जाड लोखंडी भांडं मांडलं. हाडंसुद्धा मऊ करणारं यंत्र, अशी त्याची ओळख. 1682 साली सोसायटीच्या सभासदांनी त्यातलं जेवणही केलं. त्यांच्यापैकी जॉन एव्हलिन यांनी रोजनिशीत त्या जेवणाची नोंद ठेवली आहे: कठीण हाडं मऊसूत झाली होती आणि कोळसा लागला होता अगदी थोडा. पण पापिनची खरी कमाल दुसरीकडेच आहे. भांडं फुटू नये म्हणून त्याने झाकणाला एक भोक ठेवलं आणि त्यावर वजन बसवलं. दाब वाढला की वजन उचललं जाणार, वाफ निसटणार, वजन पुन्हा बसणार. जगातला हा पहिला सेफ्टी व्हॉल्व्ह. तुमच्या ओट्यावरची कुकरची शिट्टी याच वंशातली!

तिला जरा जवळून पाहा. शिट्टी उचलून हातावर घ्या. आत ना स्प्रिंग, ना काही गुंतागुंत. एक ठोकळा आणि खाली वाफेच्या नळीचं बारीक भोक. भोक 3 मिलिमीटर व्यासाचं धरा. त्याचं क्षेत्रफळ भरतं चौरस सेंटिमीटरच्या सात शतांश. एवढ्याशा जागेवर एक किलो दराने वाफेचा रेटा किती? फक्त 70 ग्रॅम! म्हणजे 70 ग्रॅमचा ठोकळा त्या भोकावर ठेवला, की तो एक किलोचा दाब बरोबर तोलून धरतो. दाब त्याहून कणभर वाढला की ठोकळा उडतो, फुस्स करून वाफ सुटते, दाब उतरतो, ठोकळा खाली. ना वीज, ना सेन्सर. फक्त वजन आणि भोक. या जोडीवर आपण रोज बिनधास्त विसंबतो.

आता हाच हिशेब झाकणाला लावू. कुकरचा व्यास 20 सेंटिमीटर धरला, तर झाकणाचं क्षेत्रफळ 314 चौरस सेंटिमीटर. दर चौरस सेंटिमीटरला एक किलो. म्हणजे झाकणाला आतून वर ढकलणारा रेटा 314 किलोंचा! हॉकिन्ससारख्या आतून बसणाऱ्या झाकणाची गंमत इथे कळते. ते लंबगोल झाकण तिरपं करून आत घालायचं आणि काठाला खालून टेकवायचं. मग हाच रेटा झाकणाला काठावर आणखी घट्ट दाबतो. दाब जितका जास्त, तितकं झाकण पक्कं. जी ताकद झाकण उडवायला टपलेली, तिलाच राखणीला बसवलं आहे!

पण थांबा. वाफ काही फक्त वर ढकलत नाही. ती चहूबाजूंनी ढकलते. वर 314 किलो, तर खाली बुडावरही 314 किलो. मग हे तीनशे किलो काचेवर पडतात का?

एक ग्रॅमसुद्धा नाही!

रस्सीखेच डोळ्यांसमोर आणा. दोन्हीकडे तुल्यबळ गडी. दोर ताणाने थरथरतोय, तरी मधली खूण जागची हलत नाही आणि बाजूला उभ्या असलेल्याला त्या ताणाचा धक्काही लागत नाही. झाकण वर ओढतंय, बूड खाली ओढतंय, आणि मधली धातूची भिंत हा तो दोर. सगळी ओढाताण त्या धातूतच सुरू होते आणि धातूतच संपते. काच बाजूला उभी आहे. तिच्यावर येतो फक्त कुकरचा आणि वरण-भाताचा भार, तीन-चार किलो. शिट्टी व्हायच्या आधी जेवढा, शिट्टी होताना तेवढाच.

तरी बूड अगदी निर्विकार राहत नाही. तीनशे किलोंखाली पातळ बूड किंचित फुगतं आणि वर्षानुवर्षं वापरलेल्या कुकरात ते पोक कायमचं राहतं. गॅसच्या ज्योतीला याचं काही वाटत नाही, ती हवी तशी वळते. सपाट काचेवर मात्र असा कुकर मधल्या टिकलीएवढ्या जागेवर टेकतो, डुगडुगतो, उष्णता नीट घेत नाही आणि काच उगाच तापत राहते. म्हणून काचेच्या शेगडीसाठी जाड, सपाट बुडाचा कुकर हवा. पारख सोपी आहे. गार कुकर पालथा करा आणि बुडावर पट्टी आडवी धरा. पट्टीखालून उजेड दिसला, तर हा कुकर गॅसवरच बरा.

आता काचेकडे वळू, कारण खरी जादू तिथे आहे.

गार पाण्याच्या ग्लासात उकळता चहा ओतला की तो तडकतो. का? आतला थर तापून पसरतो, बाहेरचा गारच असतो, तो पसरायला नकार देतो. या भांडणात काच चिरते. साध्या काचेची 20 सेंटिमीटरची चकती 500 अंशांनी तापवली तर ती सुमारे 0.9 मिलिमीटर वाढते. आजूबाजूची गार काच एवढी वाढ सोसूच शकत नाही. मग शेगडीची काच कशी सोसते? ती सोसत नाही. ती पसरतच नाही! त्याच चकतीची वाढ इथे एक शतांश मिलिमीटरच्या घरात राहते.

हे शक्य झालं एका बिघडलेल्या भट्टीमुळे. 1950च्या दशकाच्या सुरुवातीला अमेरिकेत कॉर्निंग कंपनीच्या प्रयोगशाळेत डोनाल्ड स्टूकी यांनी काचेचा एक तुकडा 600 अंशांवर तापायला ठेवला. भट्टीचा ताबा सुटला आणि पारा 900 अंशांवर गेला. काचेचा लगदा झाला असणार, भट्टी वाया गेली असणार, असं धरून त्यांनी दार उघडलं. आत लगदा नव्हता. पांढराशुभ्र, जसाच्या तसा तुकडा! चिमट्यात धरून बाहेर काढताना तो निसटला आणि जमिनीवर आपटला. फुटला नाही. धातू आपटावा तसा खणखणला.

काय झालं होतं? काच म्हणजे अस्ताव्यस्त अणूंचा गोठलेला जमाव. त्या उष्णतेत जमावातले अणू ठिकठिकाणी शिस्तीत उभे राहिले होते आणि असंख्य सूक्ष्म स्फटिक तयार झाले होते. अर्धी काच, अर्धे स्फटिक असा हा नवाच पदार्थ. त्याचं नाव काच-सिरॅमिक. पुढे लिथियम, ॲल्युमिनियम आणि सिलिकाचं मिश्रण घेऊन असे स्फटिक घडवले गेले, की ज्यांचा स्वभावच उफराटा. तापले की ते आकसतात! भोवतालची काच पसरायला बघते, स्फटिक आकसायला बघतात. पुन्हा तीच तुल्यबळांची रस्सीखेच. बेरीज जवळपास शून्य.

आणि स्फटिक किती लहान? सुमारे 50 नॅनोमीटर. एका मिलिमीटरच्या ओळीत वीस हजार मावतील. प्रकाशाच्या लहरींहून ते इतके लहान असतात की प्रकाश त्यांना न अडखळता पार होतो. म्हणून स्फटिकांनी गच्च भरलेला असूनही हा पदार्थ पारदर्शक राहू शकतो. शेगडीची काच काळी दिसते ती त्यात मिसळलेल्या रंगद्रव्यामुळे, पण तो रंग लाल प्रकाशाला आणि उष्णतेच्या अवरक्त किरणांना फारशी आडकाठी करत नाही. काळ्या काचेतून लाल निखारा झळकतो तो याचमुळे.

जर्मनीच्या शॉट कंपनीने 1968 साली याच जातीचं झेरोडूर बनवलं, कशासाठी? दुर्बिणींच्या आरशांसाठी! रात्री हवा गार झाली म्हणून आरसा आकसला, तर तारा धूसर दिसणार. त्याच कंपनीची सेरान ही शेगडीची काच 1971 साली आली. चिलीत उभ्या राहणाऱ्या 39 मीटरच्या महाकाय दुर्बिणीच्या आरशाचे 798 तुकडे झेरोडूरचेच आहेत. पुण्याची आयुका ही खगोलसंस्था ज्या तीस मीटर दुर्बिणीच्या प्रकल्पात सहभागी आहे, तिच्या आरशासाठीही काच-सिरॅमिकच निवडलं आहे. दूरच्या दीर्घिका पाहायला जो पदार्थ लागतो, त्याच कुळातल्या पदार्थावर आपला वरण-भात शिजतो!

या काचेचा आणखी एक गुण म्हणजे ती उष्णता आडवी फारशी पसरू देत नाही. तारेवरचा गोल 500 अंशांच्या घरात असताना वीतभर पलीकडची काच हाताला सोसते. पण याच गुणाची दुसरी बाजू कुकर लावणाऱ्याने ओळखायला हवी. बटण बंद केलं तरी तो गोल लगेच निवत नाही. गॅस बंद केला की ज्योत गायब. इथे तार आणि काच बराच वेळ उष्णता देत राहतात आणि कुकर शिट्ट्या मारत राहतो. इंडक्शनचं तसं नसतं. काच तीच, पण खाली तारेऐवजी चुंबकीय वेटोळं असतं आणि तापतं ते थेट कुकरचं बूड. बटण बंद की उष्णता बंद. लोहचुंबक न चिकटणारा साधा ॲल्युमिनियमचा कुकर तिथे तापतच नाही, ही त्याची अट.

तारेच्या शेगडीवर अनुभवी लोक एक सोपी युक्ती करतात. एका गोलावर मोठी आच ठेवून दाब चढू द्यायचा, तोवर शेजारचा गोल मंद आचेवर तयार ठेवायचा, आणि पहिली शिट्टी होत आली की कुकर उचलून तिकडे ठेवायचा. उचलून, सरकवून नव्हे. शिवाय इथे शिट्ट्या मोजण्यात अर्थ नाही. जास्त तापू नये म्हणून ही तार आपली आपण बंद-चालू होत असते, त्यामुळे शिट्ट्यांचा ताल बदलतो. दाब चढल्यापासूनची मिनिटं मोजा. डाळ 120 अंशांवर किती वेळ राहिली, त्यावर ती शिजते.

मग या काचेला भीती कशाची? उष्णतेची फारशी नाहीच. पहिली भीती आपटण्याची. भरलेला कुकर हातातून सुटून काठावर टेकला, किंवा शिट्टी वरून टोकावर पडली, तर सगळा मार एका बिंदूवर बसतो. दुसरी भीती ओरखड्यांची. कुकरचं 20 सेंटिमीटरचं ॲल्युमिनियमचं बूड 100 अंश तापलं की जवळपास अर्धा मिलिमीटर पसरतं. काच जागची हलत नाही. म्हणजे तुम्ही कुकरला हातही न लावता तो काचेवर घासला जातो! मध्ये मिठाचा खडा किंवा वाळूचा कण असेल तर चरा ठरलेला. कुकर ठेवण्याआधी काच आणि बूड दोन्ही कोरडं पुसायचं ते यासाठी.

तिसरी भीती ऐकून नवल वाटेल: साखर! डाळीचा फेस उतू गेला तर तो करपतो, पण नंतर खरवडून निघतो. साखरेचा किंवा गुळाचा पाक मात्र तापलेल्या काचेला घट्ट चिकटतो आणि गार होताना आकसतो. काच आकसत नाही. पाक आकसता आकसता काचेचे टवके सोबत उपटून नेऊ शकतो. म्हणून गोड काही सांडलं तर काच निवायची वाट न पाहता आच बंद करा आणि हात जपून, काचेसाठीच्या पात्याने ते लगेच खरवडा.

चौथी भीती कोरड्या कुकरची. पाणी आहे तोवर बूड 120 अंशांच्या आसपास राहतं. पाणी संपलं की त्याला लगामच उरत नाही. ॲल्युमिनियम 660 अंशांना वितळतं आणि वितळून काचेला चिकटलं तर काच गेलीच म्हणून समजा. तशी वेळ येऊ नये म्हणून झाकणात दुसरा पहारेकरी असतो, कमी तापमानाला वितळणाऱ्या मिश्रधातूचा सेफ्टी व्हॉल्व्ह. कुकर कोरडा पडला किंवा शिट्टीचं भोक चोंदलं, की तो स्वतः वितळून वाफेला वाट करून देतो. म्हणून तो आणि रिंग बदलताना त्याच कंपनीची अस्सलच घ्यावी.

अमेरिकेत भाज्या बरण्यांत भरून टिकवायला मोठे प्रेशर कॅनर वापरतात. त्यांची गोष्ट वेगळी. ते फार जड असतात, बूड गोलाबाहेर पसरतं आणि खाली उष्णता कोंडते. शिवाय बोटुलिझमच्या जिवाणूंचे बीजाणू मारायला दाब एकसारखा टिकावा लागतो आणि बंद-चालू होणाऱ्या तारेवर तो टिकेलच असं नाही. कॅनरची आणि शेगडीची, दोन्ही माहितीपत्रकं परवानगी देत असतील तरच तो काचेवर ठेवावा.

आणि आपल्याकडची काचेची गॅस शेगडी? ती दिसते तशीच, पण जात निराळी. ती साधी काच कडक केलेली असते: सहाशे अंशांपलीकडे तापवून हवेच्या झोताने झटकन गार केलेली. पृष्ठभाग आधी गोठतो, गाभा मागाहून आकसतो आणि पृष्ठभागाला आत खेचून आवळून ठेवतो. या करामतीचा पूर्वजही रॉयल सोसायटीत पोचला होता, पापिनच्याही आधी, 1661 साली. प्रिन्स रूपर्टने इंग्लंडात आणलेला काचेचा थेंब. डोक्यावर हातोडा मारला तरी फुटत नाही, पण शेपटीचं टोक मोडलं की क्षणात सगळ्याचा भुगा! कडक काचही अशीच. वरून दणकट, पण काठाशी टवका उडाला की सगळीच्या सगळी बारीक खड्यांत विखुरते. कधी तिच्यात अडकलेला निकेल सल्फाइडचा सूक्ष्म कण वर्षानुवर्षं हळूहळू फुगत जातो आणि एके दिवशी कुणी हातही न लावता काच फुटते.

म्हणून या शेगडीवर नियम बदलतात. कुकरची जागा बर्नरच्या जाळीवर, काचेवर कधीच नाही. उतरवलेला गरम कुकर ठेवायचा तो ओट्यावर. ज्योत बुडाच्या आत राहील एवढीच आच ठेवायची. फार रुंद कुकर ज्योतीची धग खाली काचेकडे लोटतो. आणि तापलेल्या काचेवर गार पाण्याचं फडकं फिरवायचं नाही.

काच कोणतीही असो, कुकर लावण्याआधीची चार कामं तीच. झाकण उजेडाकडे धरून शिट्टीच्या भोकातून आरपार दिसतंय ना, ते पाहा. रिंग कडक झाली असेल, चिरली असेल तर बदला. तळाशी पाणी घातल्याची खात्री करा. आणि कुकर दोन तृतीयांशाहून जास्त भरू नका. डाळ डब्यात न लावता थेट कुकरातच शिजवणार असाल तर निम्म्याच्याही खाली थांबा, कारण तिचा फेस भोक बुजवतो.

शेवटचं काम वाट पाहण्याचं, आणि ते सगळ्यात महत्त्वाचं. आतलं पाणी 120 अंशांवर आहे, म्हणजे उकळायला केव्हाचं आतुर, फक्त दाबाने रोखलेलं. अशा 2 लिटर पाण्यावरचा दाब एकाएकी काढला, तर त्यातलं सुमारे 70 मिलिलिटर पाणी क्षणात वाफ होतं आणि त्या वाफेला शंभर लिटरहून जास्त जागा लागते. शंभर लिटर, एका निमिषात, तोंडासमोर! तारेच्या शेगडीवर तर बटण बंद करून कुकर तिथेच ठेवला तर दाब उतरायला जास्तच वेळ लागतो. म्हणून कुकर गरम गोलावरून उचलून बाजूला ठेवा आणि दाब आपोआप उतरू द्या. मग शिट्टी हलकेच उचलून पाहा. वाफ आली नाही आणि झाकण सहज हललं, तरच उघडा. अडलं तर मुळीच जोर लावू नका. आत अजून दाब आहे एवढंच ते झाकण सांगतंय, आणि ते खरं बोलतंय.